‘भार’ आणि ‘भार’ यांतील फरक : पाठ्यपुस्तक परीक्षणाच्या एका फायलीचा प्रकरण अभ्यास

कोल्हापुरातील एका बी.एड. महाविद्यालयात प्रात्यक्षिक कामाचा भाग म्हणून छात्राध्यापकांना आपल्या विषयाच्या पाठ्यपुस्तकाचे परीक्षण लिहावे लागते. विज्ञान घेतलेल्या एका छात्राध्यापिकेने बालभारतीचे दहावीचे ‘विज्ञान आणि तंत्रज्ञान भाग १’ निवडले. २०१८ पासून वर्गात असलेले हे दहा प्रकरणांचे पुस्तक. त्यातली भौतिकशास्त्राची पाच प्रकरणे तिने परीक्षणासाठी घेतली: गुरुत्वाकर्षण, विद्युतधारेचे परिणाम, उष्णता, प्रकाशाचे अपवर्तन आणि भिंगे व त्यांचे उपयोग. सहा पानांची फाइल वेळेत जमा झाली, बांधणी नीट, मुखपृष्ठ सुबक. तपासताना मार्गदर्शक प्राध्यापिका दुसऱ्या परिच्छेदातल्या पहिल्याच वाक्यावर थांबल्या:

‘गुरुत्वाकर्षण या बाबीत भार आणि भार यांतील भेद सुलभ दाखल्याने उघड केला आहे.’

“अगं, भार आणि भार यांत फरक कोणता?”

“यादीत दोन्हीला भारच आलाय की, मॅडम. एक वस्तुमान होतं, एक वजन.”

या उत्तरातून सगळे उलगडले. फाइल आदल्या वर्षीच्या एका विद्यार्थ्याची होती. ती गटावर फिरत फिरत हिच्याकडे आली होती. जशीच्या तशी देणे बरे नाही, हे तिला कळत होते. म्हणून तिने तीसेक शब्दांची समानार्थी यादी केली, काही शब्द शालेय व्याकरणाच्या पुस्तकातून तर काही मोबाइलवरून घेतले, आणि वर्डमधल्या ‘शोधा आणि बदला’ने एका बैठकीत सगळी फाइल बदलून टाकली. हेतू वाईट नव्हता. शब्द बदलले की लेखन आपले होते, हा समज शाळेपासून रुजलेला असतो. ‘स्वतःच्या शब्दांत लिहा’ या सूचनेचा अर्थ ‘दुसऱ्या शब्दांत लिहा’ असा लावला जातो, आणि तो तसा नाही हे फारसे कोणी समजावून सांगत नाही.

फायलीत नेमके काय बिघडले

आधी मूळ परिच्छेद आणि बदललेला परिच्छेद शेजारी ठेवून पाहू. मूळ असा होता:

‘गुरुत्वाकर्षण या प्रकरणात वस्तुमान आणि वजन यांतील फरक सोप्या उदाहरणाने स्पष्ट केला आहे. वस्तू चंद्रावर नेली तरी तिचे वस्तुमान तेच राहते. वजन मात्र सुमारे एक षष्ठांश होते, कारण तेथील गुरुत्व त्वरण कमी आहे. मुक्तिवेगाचे सूत्र मांडताना ऊर्जा अक्षय्यतेची आठवण करून दिल्याने विद्यार्थ्यांना संकल्पना समजते.’

बदलल्यावर असा झाला:

‘गुरुत्वाकर्षण या बाबीत भार आणि भार यांतील भेद सुलभ दाखल्याने उघड केला आहे. पदार्थ चंद्रावर नेली तरी तिचे भार तेच राहते; भार मात्र अंदाजे एक षष्ठांश होते, कारण तेथील गुरुत्व प्रगती अल्प आहे. मुक्तिगतीाचे सूत्र मांडताना शक्ती अक्षय्यतेची आठवण करून दिल्याने विद्यार्थ्यांना कल्पना समजते.’

तीन वाक्यांत किती प्रकारच्या चुका आहेत, हे सावकाश पाहण्यासारखे आहे.

‘गुरुत्व प्रगती’ कुठून आली? यादीत एक जोडी होती ‘त्वरण – प्रवेग’. तिच्या खाली काही ओळींवर दुसरी होती ‘वेग – गती’. आधी त्वरणाचे प्रवेग झाले. मग संगणकाने ‘वेग’ शोधला, तो त्याला ‘प्रवेग’च्या पोटातही सापडला, आणि तिथेही त्याने ‘गती’ घातली. ‘प्र’ला ‘गती’ जोडली की ‘प्रगती’. शब्द शुद्ध, अर्थ भलताच. त्यामुळे शुद्धलेखन तपासनीसाने खालून लाल रेघ ओढली नाही. पूर्वज्ञानाच्या रकान्यात नववीतल्या ‘संवेग’ या संकल्पनेचा उल्लेख होता, त्याचे याच रीतीने ‘संगती’ झाले. ‘संगती अक्षय्यतेचा कायदा विद्यार्थ्यांना ज्ञात असणे गृहीत धरले आहे’ असे वाक्य फायलीत होते, आणि भौतिकशास्त्र न शिकलेल्या माणसाला ते खटकणारही नाही.

बाकीच्या पानांवरही तेच. ‘बल’च्या जागी ‘जोर’ घातला तेव्हा प्रयोगाच्या वर्णनातल्या ‘टेबला’चे ‘टेजोर’ झाले आणि ‘केबल’चे ‘केजोर’. ‘धारा’च्या जागी ‘प्रवाह’ आला तेव्हा ‘आधारावर’चे ‘आप्रवाहवर’ झाले. उलट ‘विद्युतधारेचे’ मात्र सुटले, कारण सामान्यरूपात ‘धारा’चे ‘धारे’ होते आणि संगणकाला ते वेगळे दिसते. परिणामी एकाच परिच्छेदात वर विद्युतप्रवाह आणि खाली विद्युतधारा. वाचणाऱ्याला वाटावे, या दोन वेगळ्या राशी आहेत. ‘विद्यार्थी’ची गतही तीच: जिथे मूळ रूप होते तिथे ‘छात्र’ आले, ‘विद्यार्थ्यांना’ तसेच राहिले.

यावर सहज सुचणारा उपाय म्हणजे ‘संपूर्ण शब्दच शोधा’ ही खूण लावणे. इंग्रजीत ती बऱ्यापैकी कामी येते. मराठीत विभक्तिप्रत्यय आणि शब्दयोगी अव्यये शब्दालाच चिकटतात. बल, बले, बलाचा, बलाची, बलाचे, बलाच्या, बलाने, बलाला, बलात, बलामुळे, बलाखाली: एकाच नामाची इतकी रूपे. खूण लावली तर फक्त पहिले बदलते. खूण काढली तर टेबल मोडते. ‘वेग’सारख्या अकारान्त पुल्लिंगी शब्दाच्या जागी ‘गती’सारखा ईकारान्त स्त्रीलिंगी शब्द घातला, तर ‘वेगाचे’मधला काना मागे उरतो आणि ‘गतीाचे’ असे दोन स्वरचिन्हांचे, कागदावर गोल ठिपक्यांसह उमटणारे रूप तयार होते. मग लिंगाचा प्रश्न. बल नपुंसकलिंगी, जोर पुल्लिंगी, शक्ती स्त्रीलिंगी. नाम बदलले की विशेषण, क्रियापद, सर्वनाम सगळेच बदलावे लागते. ‘पदार्थ चंद्रावर नेली तरी तिचे भार’ हे वाक्य त्यातूनच आले. मराठीत एक नाम बदलणे म्हणजे बहुतेक वेळा निम्मे वाक्य बदलणे असते.

पण या सगळ्या वरवरच्या चुका. लक्ष देऊन वाचले तर त्या दिसतात आणि अर्ध्या तासात दुरुस्तही होतात. खरी हानी व्याकरणात निर्दोष दिसणाऱ्या वाक्यांत झाली होती.

जे वेगळे करायचे, तेच एक झाले

फायलीतली तीन वाक्ये एका जातीची निघाली. पहिले वर आलेच, वस्तुमान आणि वजन यांचे. दुसरे उष्णतेच्या प्रकरणावरचे. मूळ वाक्य होते: ‘बर्फ वितळत असताना उष्णता दिली तरी तापमान वाढत नाही, हे आलेखातून दाखवले आहे.’ यादीत ‘उष्णता – ताप’ होते आणि ‘तापमान – ताप’ही. झाले असे: ‘बर्फ वितळत असताना ताप दिली तरी ताप वाढत नाही.’ तिसरे वर्तुळाकार गतीचे: ‘चाल स्थिर असली तरी वेग सतत बदलतो.’ त्याचे झाले ‘गती स्थिर असली तरी गती सतत बदलतो.’

तिन्ही ठिकाणी वाक्य स्वतःचाच गळा घोटते. हा योगायोग नाही. भौतिकशास्त्राचे शालेय पुस्तक जे काम सर्वांत कष्टाने करते, ते हेच असते: बोलभाषेत एकच वाटणारे दोन शब्द ते हळूहळू वेगळे करते. घरात आपण ‘वजन दहा किलो’ म्हणतो आणि व्यवहार बिनबोभाट चालतो. पुस्तक सांगते की दहा किलोग्रॅम हे वस्तुमान. त्याचे पृथ्वीवरचे वजन सुमारे ९८ न्यूटन, चंद्रावर सुमारे १६ न्यूटन. चालीला फक्त परिमाण असते, वेगाला परिमाणासोबत दिशाही असते. म्हणून जत्रेतला चक्री पाळणा एकसारख्या चालीने फिरत असला तरी त्यात बसलेल्याचा वेग क्षणोक्षणी बदलतो, आणि त्यासाठी अभिकेंद्री बल लागते. शून्य अंश सेल्सिअसच्या एक ग्रॅम बर्फाचे शून्य अंशाच्याच पाण्यात रूपांतर व्हायला सुमारे ८० कॅलरी उष्णता लागते. एवढी उष्णता जाते, तापमापीचा पारा तसूभर हलत नाही. उष्णता आणि तापमान हे शब्द वेगळे धरले नाहीत, तर या विधानाला अर्थच उरत नाही.

समानार्थी शब्दांची यादी नेमके उलटे काम करते. ती बोलभाषेचा आधार घेते, आणि बोलभाषेत वजन-भार-वस्तुमान, बल-शक्ती-ऊर्जा-जोर, वेग-चाल-गती हे खरोखरच एकमेकांच्या जागी चालतात. यादी चुकीची नाही. ती या मजकुरासाठी नाही.

‘ऊर्जा’च्या जागी आलेली ‘शक्ती’ तर अधिक फसवी, कारण तिथे दोन शब्दांचा एक झाला नाही, एका राशीच्या जागी दुसरीच खरी राशी येऊन बसली. शक्ती म्हणजे कार्य करण्याचा दर, एकक वॅट. ऊर्जेचे एकक ज्यूल. ऊर्जा अक्षय्य असते. शक्तीला तसा नियम नाही. आणि याच पुस्तकात भिंगांच्या प्रकरणात ‘शक्ती’ला तिसरा अर्थ आहे: मीटरमधल्या नाभीय अंतराचा व्यस्त, एकक डायॉप्टर. ५० सेंटिमीटर नाभीय अंतराच्या बहिर्वक्र भिंगाची शक्ती २ डायॉप्टर. फायलीत तिथे ‘भिंगाचे सामर्थ्य’ आले होते. चष्म्याच्या दुकानात कोणी असे म्हणत नाही, पुस्तकात नाही, परीक्षेतही नाही.

आर्द्रतेच्या भागात ‘निरपेक्ष आर्द्रता’ होती. यादीने ‘निरपेक्ष’चा बोलीतला अर्थ धरला आणि फायलीत ‘निःस्वार्थ आर्द्रता’ लिहिली गेली. ‘फ्लेमिंगचा डाव्या हाताचा नियम’ हा ‘फ्लेमिंगचा वाम कराचा कायदा’ झाला. वाचणाऱ्याला हसू येईल, पण ज्या मुलीने हे हाताखालून जाऊ दिले तिला पुढच्या महिन्यात पाठ घ्यायचा होता, आणि समोर दहावीची मुले बसणार होती.

एक परिच्छेद तिने वेगळ्या वाटेने बदलून पाहिला होता: मोबाइलवर मराठीतून इंग्रजीत आणि पुन्हा मराठीत. त्यात ‘चुंबकीय क्षेत्र’ हे ‘चुंबकीय शेत’ होऊन परतले. या वाटेत शब्द दोनदा संदर्भ सोडतो, त्यामुळे काय उतरेल याचा भरवसा नसतो.

अध्यापनशास्त्राचे शब्दही न बदलण्याचेच

हे मात्र बऱ्याच जणांच्या लक्षात येत नाही. पुस्तकाविषयीच्या मजकुरात दोन शास्त्रांची परिभाषा असते, भौतिकशास्त्राची आणि शिक्षणशास्त्राची. फायलीतल्या तक्त्यात ‘उद्दिष्टे’ आणि ‘आशय’ असे दोन रकाने होते. यादीत दोन्हींना ‘हेतू’ हा प्रतिशब्द होता. तक्त्याच्या दोन्ही रकान्यांवर ‘हेतू’ आले आणि ‘आशय विश्लेषण’ हे ‘हेतू विश्लेषण’ झाले. ‘मूल्यमापन’चे ‘मापन’ झाले. मापन गुण मोजते, मूल्यमापन त्या गुणांवरून निर्णय करते. ‘ज्ञान, आकलन, उपयोजन, कौशल्य’ ही पाठटाचणातली (पाठाच्या लेखी आराखड्यातली) ठरलेली चौकट ‘माहिती, समज, वापर, कसब’ अशी झाली. वाचायला गोड, पण बी.एड.च्या कोणत्याही परीक्षकाला ती चौकट ओळखू येणार नाही. ‘प्रकरण’चे ‘बाब’ होणेही त्यातलेच.

पुस्तकातल्या चौकटींची नावे, जसे ‘करून पहा’, ‘थोडे आठवा’, ‘जरा डोके चालवा’, ही विशेषनामे आहेत. ‘करून पहा’चे ‘कृती करून अवलोकन करा’ केले, तर तपासणारा पुस्तक उघडून ती चौकट शोधत बसतो आणि त्याला ती सापडत नाही.

शब्द बदलायची गरज किती होती

साम्य तपासणाऱ्या सॉफ्टवेअरच्या भीतीने बहुतेक जण पारिभाषिक शब्दांना हात लावतात. भीती अनाठायी आहे. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या २०१८ च्या वाङ्मयचौर्य प्रतिबंधक नियमावलीत साम्य मोजताना काय वगळायचे हे दिलेले आहे: योग्य श्रेय देऊन घेतलेली अवतरणे, संदर्भसूची, अनुक्रमणिका, प्रस्तावना, आणि त्याबरोबर सर्वसाधारण संज्ञा, नियम, प्रमाणित चिन्हे आणि प्रमाणित समीकरणे. म्हणजे ‘गुरुत्व त्वरण’, ‘ओहमचा नियम’, ‘मुक्तिवेगाचे सूत्र’ हे कोणाचे चोरलेले धरायचेच नाही. १० टक्क्यांपर्यंतच्या साम्याला या नियमावलीत दंड नाही. शिवाय गृहपाठ, प्रकल्प अहवाल, अभ्यासक्रमातील लेखन यांना ती थेट लागूच होत नाही; बी.एड.च्या प्रात्यक्षिक फायलीला महाविद्यालयाचा स्वतःचा दंडक असतो. पुस्तकातली दोन-चार वाक्ये परीक्षणासाठी उद्धृत करायलाही अडचण नाही: १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये समीक्षेसाठीचा उचित वापर मान्य आहे. वाक्य अवतरणचिन्हांत घालावे, पृष्ठ क्रमांक द्यावा, एवढेच.

उलट जे खरोखर उसने होते, ते यादीने जागचे हलवलेही नव्हते. मुद्द्यांचा क्रम तोच, उदाहरणे तीच, तक्रारी त्याच, कौतुकही तेच. प्रत्येक शब्द बदलला असता तरी ती आदल्या वर्षीच्या विद्यार्थ्याचीच फाइल राहिली असती. त्याची चूकसुद्धा इमानाने पुढे आली होती: मुक्तिवेग, म्हणजे पृथ्वीच्या गुरुत्वाकर्षणातून सुटायला लागणारा वेग, ‘११.२ किलोमीटर प्रति तास’. खरे मूल्य ११.२ किलोमीटर प्रति सेकंद. प्रति तास अकरा किलोमीटर म्हणजे रंकाळा तलावावर पहाटे पळणाऱ्याची चाल. समानार्थी यादीला संख्या दिसत नाही, म्हणून तिला ही चूक दिसणे शक्य नव्हते. आणि लिहिणारी फक्त शब्द पाहत होती, म्हणून तिलाही दिसली नाही.

दुरुस्ती कशी झाली

प्राध्यापिकांनी फाइल नापास केली नाही, परत केली आणि आठ दिवस दिले. जुनी फाइल बाजूला ठेवायची, पुस्तक उघडायचे, अशी पहिली सूचना.

सुरुवात कुलूपयादीने झाली, म्हणजे जे शब्द बदलायचेच नाहीत त्यांच्या यादीने. वहीचे पान उभे तीन भागांत विभागले. पहिल्या भागात पुस्तकातला शब्द, दुसऱ्यात त्याचे एकक किंवा चिन्ह, तिसऱ्यात तो कोणत्या शब्दाशी गल्लत होण्यासारखा आहे. कसोटी सोपी ठेवली: ज्या शब्दाला एकक आहे, चिन्ह आहे किंवा जो सूत्रात येतो, तो बंद. ज्याची व्याख्या पुस्तकात दिली आहे, तो बंद. उपकरणाचे नाव, नियमाचे नाव, चौकटीचे नाव, बंद. पाच प्रकरणांतून साठच्या आसपास शब्द निघाले: वस्तुमान, वजन, गुरुत्व त्वरण, मुक्तपतन, मुक्तिवेग, विभवांतर, नालकुंतल, दिक्परिवर्तक, विद्युत चलित्र, विद्युत जनित्र, वितळतार, अप्रकट उष्मा, पुनर्हिमायन, असंगत आचरण, दवबिंदू, अपवर्तनांक, अपस्करण, नाभीय अंतर. चलित्र आणि जनित्र शेजारी लिहिल्यावर तिला त्यांची अदलाबदल किती सहज होते हे दिसले: एक विद्युत ऊर्जेचे यांत्रिक ऊर्जेत रूपांतर करते, दुसरे यांत्रिक ऊर्जेचे विद्युत ऊर्जेत. दोन्हींना ‘यंत्र’ म्हटले की प्रकरणाचा अर्धा आशय गेला.

याच टप्प्यावर एक प्रश्न आला, आणि तो रास्त होता. ‘प्रवेग’ चुकीचा शब्द आहे का? नाही. मराठी विश्वकोशात प्रवेगच आहे. ‘अपवर्तना’ला तिच्या वडिलांच्या पिढीने शाळेत ‘वक्रीभवन’ म्हटले. भाषा संचालनालयाचा भौतिकशास्त्र परिभाषा कोश हाताशी असला तर असे पर्याय तिथे ताडून पाहता येतात. मराठीत विज्ञानाची परिभाषा एकाच वेळी एकाच ठिकाणी घडली नाही, त्यामुळे दोन शुद्ध शब्द शेजारी नांदतात. पण एका लेखात एकच परंपरा चालवायची. परीक्षण ज्या पुस्तकाचे, शब्द त्या पुस्तकाचे. जुना शब्द द्यायचाच तर पहिल्या उल्लेखात एकदा, ‘अपवर्तन, म्हणजे जुन्या पुस्तकांतले वक्रीभवन’ असा, आणि मग पुढे फक्त अपवर्तन. पालकसभेत हे वाक्य फार उपयोगी पडते.

त्यानंतर लेखन. एक प्रकरण वाचायचे, पुस्तक मिटायचे, कागदावर चार-पाच मुद्दे फक्त दोन-दोन शब्दांत टिपायचे, मध्ये काही तास जाऊ द्यायचे, आणि त्या टिपणावरून लिहायचे. लिहिताना पुस्तकही बंद, जुनी फाइलही बंद. मूळ वाक्य डोळ्यांसमोर असेल तर हात त्याच्याच वळणाने जातो, आणि मग फक्त शब्द बदलणे उरते. लिहून झाल्यावर मात्र पुस्तक उघडून प्रत्येक संख्या, प्रत्येक एकक, प्रत्येक बंद शब्द ताडायचा. एका प्रकरणाला साधारण दीड-दोन तास लागले. समानार्थी यादीने सगळी फाइल एका बैठकीत झाली होती, हे इथे नोंदवायला हवे. घाईत असलेल्या माणसाला ती वाट का ओढते ते त्यावरून कळते.

गुरुत्वाकर्षणावरचा परिच्छेद आता असा झाला:

‘वस्तुमान कुठेही गेले तरी तेच राहते आणि वजन जागेप्रमाणे बदलते, हे पहिल्या प्रकरणात चंद्राच्या उदाहरणातून येते. आमच्या वर्गातली मुले शाहू मार्केट यार्डातला दहा किलोचा गुळाचा रवा, म्हणजे ढेप, पाहिलेली आहेत. त्यांच्यासाठी ‘रव्याचे वस्तुमान १० किलोग्रॅम, वजन सुमारे ९८ न्यूटन’ हे वाक्य फळ्यावर आधी लिहून मगच चंद्राकडे जावे. मुक्तिवेगाच्या सूत्राच्या मांडणीत ऊर्जा अक्षय्यता वापरली आहे. ती नववीत नीट झाली नसेल तर इथे मुले सूत्र पाठ करतात, म्हणून अर्धा तास मागे जाणे आवश्यक वाटते.’

वस्तुमान, वजन, मुक्तिवेग, ऊर्जा अक्षय्यता हे शब्द जसेच्या तसे आहेत. तरीही हा परिच्छेद जुन्या फायलीसारखा वाटत नाही, कारण क्रम, उदाहरण आणि मत तिचे आहे.

उष्णतेच्या प्रकरणात याहून चांगले घडले. सराव पाठांच्या शाळेत पाणी उकळून तापमापी पाहिली तर पारा ९८ अंशांच्या आसपास थांबला. मुले म्हणाली, तापमापी खराब आहे. कोल्हापूर समुद्रसपाटीपासून सुमारे साडेपाचशे मीटर उंचीवर आहे, इथे हवेचा दाब थोडा कमी, म्हणून पाणी १०० अंशांच्या आधीच उकळते. पुस्तकातला १०० हा आकडा प्रमाणित दाबाचा आहे. नव्या परीक्षणात हे सूचनेच्या रूपाने आले. अप्रकट उष्म्यासाठी, म्हणजे तापमान न वाढवता अवस्था बदलण्यात खर्च होणाऱ्या उष्णतेसाठी, तिने गुऱ्हाळ घेतले: चुलवाणात चिपाड जळतच असते, काहिलीतला रस उकळतच असतो, पण पाणी वाफ होऊन जाईपर्यंत रसाचे तापमान फारसे चढत नाही, पाक घट्ट व्हायला लागला की ते वाढत ११८ अंशांच्या जवळ जाते. इथे प्राध्यापिकांनी एक ओळ जोडायला लावली: रस शुद्ध द्रव नाही, साखरेचे प्रमाण वाढेल तसा त्याचा उत्कलनांक हळूहळू वर सरकतो, म्हणून आलेख बर्फासारखा अगदी सपाट येणार नाही. ही ओळ नसती तर चांगल्या उदाहरणानेच चुकीची समजूत पेरली असती.

मोकळे शब्द कोणते, यावरही काम झाले. ‘उपयुक्त’, ‘महत्त्वपूर्ण’, ‘सुलभ’, ‘आकर्षक’ यांना प्रतिशब्द हवा तितका सापडतो, पण ते बदलण्यापेक्षा उडवावेत. ‘आकृत्या आकर्षक आहेत’चे ‘चित्रे मनमोहक आहेत’ करून हाती काही येत नाही. ‘नालकुंतलाच्या आकृतीत धारेची दिशा आणि चुंबकीय बलरेषांची दिशा दोन्ही बाणांनी दाखवली आहे का, ते शिक्षकाने आधी पाहून ठेवावे’ असे लिहिले, तर वाचणाऱ्या शिक्षकाला काहीतरी करता येते. संस्कृत वळणाचे प्रतिशब्दही काढले. पाण्याचे ‘जल’, पुस्तकाचे ‘ग्रंथ’, मुलांचे ‘बालके’ केल्याने मजकूर विद्वान होत नाही, फक्त जड होतो.

शेवटी दोन वाचने झाली. एक मराठी विषयाच्या मैत्रिणीने मोठ्याने वाचले. अडखळली तिथे खूण. दुसरे भौतिकशास्त्र शिकवणाऱ्या शिक्षकांनी फक्त कुलूपयादी हातात घेऊन. सहा पानांची चार पाने झाली. आदल्या वर्षीच्या फायलीतून तक्त्याची रचना घेतली होती, तसा उल्लेख शेवटी केला.

कुलूपयादी करताना तिसऱ्या भागात एक नोंद अशी आली की ती कुठे बसवावी हे तिला कळेना. प्रकरणाचे नाव ‘उष्णता’, पण आत ‘अप्रकट उष्मा’ आणि ‘विशिष्ट उष्माधारकता’. ‘उष्णता’ आणि ‘उष्मा’ हे दोन शब्द वेगळ्या राशींचे की एकाच? एकाच. इतर सगळ्या जोड्यांत वेगळा शब्द म्हणजे वेगळी राशी, आणि इथे दोन शब्दांना अर्थ एक. तेव्हा उष्णतेच्या पहिल्याच तासाला उष्मा आणि उष्णता फळ्यावर शेजारी लिहून मध्ये बरोबरचे चिन्ह द्यावे, आणि त्याच्याच खाली उष्णता आणि तापमान लिहून मध्ये ते चिन्ह खोडावे, अशी शिफारस तिने परीक्षणात केली. प्राध्यापिकांनी त्या ओळीखाली रेघ ओढली आणि ती पुढच्या तुकडीच्या पाठटाचणात घ्यायला सांगितली.